अडीचशे मालगाड्यांची चोरी

२२,८४५ कोटी रुपये! २०२४ या एका वर्षात सायबर ठगांनी भारतातल्या लोकांकडून एवढी रक्कम उकळली, असं केंद्र सरकारनेच संसदेत सांगितलं. आदल्या वर्षी हा आकडा ७,४६५ कोटी होता. म्हणजे बारा महिन्यांत तिप्पट! पण एवढे पैसे डोळ्यांपुढे आणायचे कसे? चला, मालवणच्या जेटीवर जाऊन मोजू.

बसा होडीत. समोर सिंधुदुर्ग किल्ला, दहा मिनिटांचा प्रवास धरू. इंजिन सुरू झालं, एक सेकंद सरला: ७,२०० रुपये गेले. एक मिनिट सरलं: ४ लाख ३३ हजार गेले. होडी किल्ल्याला लागेपर्यंत ४३ लाख साफ! आणि तेवढ्यात तक्रारी किती? जवळजवळ सत्तर. वर्षभरात ३६ लाख ३७ हजार. २०११च्या जनगणनेत अख्ख्या सिंधुदुर्ग जिल्ह्यात माणसं होती साडेआठ लाख. तान्ह्या बाळापासून पणजीपर्यंत प्रत्येकजण चार-चार वेळा फसला, तरी हा आकडा भरत नाही.

त्याच २०२४च्या जानेवारीत मुंबईचा अटल सेतू खुला झाला. लांबी जवळजवळ २२ किलोमीटर, खर्च १७,८४० कोटी. ठगांच्या वर्षभराच्या कमाईत तो पूल बांधून वर ५,००० कोटी उरतात!

आता नोटा मांडू. पाचशेची नोट १५ सेंटिमीटर लांब. एकीला एक लावत चला. रांग होते ६८,५०० किलोमीटरची. मुंबईहून पुण्याला जा, परत या, असं सव्वादोनशे वेळा करा, तरी नोटा संपत नाहीत.

नोटा नकोत? रुपयाची नाणी घेऊ. तेरा फूट रुंद, तेहतीस फूट खोल अशी एक गोल विहीर खणा. नाणी वितळवून ओतली, तरी अशा जवळजवळ नऊशे विहिरी काठोकाठ भरतील. किल्ल्यात दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव अशा गोड्या पाण्याच्या तीन विहिरी आहेत. त्या याच मापाच्या मानल्या, तर एका दिवसाच्या लुटीत जवळजवळ अडीच विहिरी भरतात. नाणी न वितळवता टाकली, तर तिन्ही भरून वर उरतील!

आणि ही नाणी उचलायची कुणी? एक नाणं पावणेचार ग्रॅमचं धरू. सगळ्यांचं वजन साडेआठ लाख टनांच्या वर. एका मालगाडीत साडेतीन हजार टन भरले, तर गाड्या लागतील जवळजवळ अडीचशे. एकीच्या गार्डच्या डब्याला दुसरीचं इंजिन टेकवून उभ्या करा. पहिलं इंजिन पुण्यात, शेवटचा डबा मुंबईत! देवा म्हाराजा!

थांबा, याहून मोठी गाडी मागून येतेय. ही सायबर ठगांची नव्हे. जमिनीतल्या गुंतवणुकीच्या नावाखाली पीएसीएल कंपनीने ५ कोटी ८५ लाख लोकांकडून ४९,१०० कोटी गोळा केल्याचं बाजार नियामक सेबीने २०१४च्या आदेशात म्हटलं. आपल्या हिशेबात सव्वापाचशेहून जास्त मालगाड्या. आणि माणसं? एकोणसत्तर सिंधुदुर्ग जिल्हे भरतील एवढी.

पण एवढा डोंगर उचलला जातो चिमटी-चिमटीने. २०२४च्या लुटीची सरासरी काढली, तर एका तक्रारीमागे ६३ हजारसुद्धा भरत नाहीत. ‘तुमचा १५,४९० रुपयांचा आयकर परतावा मंजूर झालाय, खातं तपासा,’ असा मेसेज खरंच फिरला होता. बघा, गळाला लावलेलं आमिषही किती बेताचं! कोटीचं असतं तर शंका आली असती. आयकर खात्याच्या पत्रांवर १ ऑक्टोबर २०१९पासून ओळख क्रमांक असतो आणि तो खात्याच्या पोर्टलवर मिनिटभरात पडताळता येतो. आणि ‘डिजिटल अटके’ची धमकी आली तर? फोनवरून अटक करायची तरतूद तर आपल्या कुठल्याच कायद्यात नाही.

तरीही पैसे गेलेच, तर फोन उचला आणि फिरवा सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा क्रमांक, १९३०. ठग पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात पळवतात. वाटेतच रक्कम गोठवली, तर ती हाती लागते. या व्यवस्थेने जुलै २०२५पर्यंत किती वाचवले, ठाऊक आहे? ५,४८९ कोटी! साठेक मालगाड्या, नाण्यांनी खच्चून भरलेल्या, फोनच्या चार आकड्यांनी वाटेतच अडवल्या!