सेकंदाला तीन इंच

अमेरिकेच्या मेन राज्यात, केनेबेक नदीच्या काठी बाथ आयर्न वर्क्स हा जहाजबांधणीचा जुना कारखाना आहे. अमेरिकी नौदलाच्या विनाशिका इथे बांधल्या जातात. शॅरन लॉकहार्ट या कलावंत-चित्रपटकर्तीने आपली २००८ सालची ‘लंच ब्रेक’ ही फिल्म इथे केली. तीत विनाशिका कुठेच दिसत नाही. दिसते ती कारखान्याच्या पोटातून जाणारी सुमारे १२०० फुटांची चिंचोळी वाट, दोन्ही बाजूंना लॉकर, वायरी, पाइप, अवजारं. आणि जेवणाच्या सुट्टीत तिथे विसावलेले ४२ कामगार.

कॅमेरा या वाटेने सरळ पुढे सरकतो. एकच शॉट, कुठेही कट नाही. प्रत्यक्षात हा शॉट साधारण दहा मिनिटांचा, म्हणजे ३५ मिमी फिल्मच्या एका रिळात मावेल एवढाच होता. लॉकहार्टने तो ताणून ८० मिनिटांचा केला. जरा हिशेब करून पाहा: १२०० फूट आणि ४८०० सेकंद. सेकंदाला तीन इंच! आपल्या हाताची चार बोटं जुळवली तर जेमतेम तेवढी रुंदी होते.

या वेगात काय घडतं, ते पाहताना मी थक्क होतो. डब्यातून तोंडाकडे निघालेल्या घासाला एरवी एक सेकंद लागत असेल, तर इथे आठ लागतात. कोपर उचललं जातं, मनगट वळतं, मान किंचित पुढे येते. एवढ्याशा हालचालीत किती कामं असतात हे प्रथमच कळतं. डुलकी घेणारा माणूस आधी छायाचित्रासारखा स्थिर वाटतो. मग त्याचं बोट हलतं आणि आपण दचकतो. कोणी वाचतंय, कोणी शेजाऱ्याशी बोलतंय. यंत्रांच्या घरघरीत माणसांचे आवाज मिसळतात. ही ध्वनिरचना लॉकहार्टने बेकी अ‍ॅलन आणि जेम्स बेनिंग यांच्याबरोबर केली.

कामगारावरची फिल्म म्हटली की ठिणग्या, घाम आणि घण आलेच. लॉकहार्टने दिवसातला नेमका तो तुकडा निवडला, जो मालकाच्या हिशेबात ‘काम नाही’ असा असतो, आणि तोच आठपट मोठा केला. मला ही तिची सर्वांत मोठी कमाई वाटते.

याच कारखान्यात तिने ‘एक्झिट’ही चित्रित केली: सोमवार ते शुक्रवार, पाळी सुटल्यावर घरी निघालेले कामगार, आपल्याकडे पाठ करून चाललेले. ल्युमिएर बंधूंनी १८९५ साली लिऑनमधल्या स्वतःच्या कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार टिपले होते, तेव्हा ते कॅमेऱ्याच्या दिशेने येत होते. ती मिनिटभराचीही नसलेली फिल्म ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन्स हॉटेलात दाखवली गेली. गिरण्यांच्या मुंबईने पाहिलेल्या अगदी पहिल्या हलत्या चित्रांत कारखान्याची सुट्टी होती!

‘लंच ब्रेक’ कुठल्या कलादालनात किंवा महोत्सवात लागली, तर पूर्ण ८० मिनिटं काढून जा. डोळ्यांना तो वेग सवयीचा व्हायलाच बराच वेळ लागतो, आणि खरं पाहणं त्यानंतर सुरू होतं.