मूकपटाच्या आरंभकाळातील अभिनेता : अण्णा साळुंके यांच्या कारकिर्दीचा चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :
भारतीय चित्रपटाच्या इतिहासात दादासाहेब फाळके यांचे स्थान सर्वमान्य आहे. तथापि त्यांच्या मूकपटांतून पडद्यावर आलेल्या कलावंतांचा स्वतंत्र विचार मराठीत फारसा झालेला नाही. अण्णा हरी साळुंके हे त्यांपैकी एक महत्त्वाचे नाव होय. पडद्यावर स्त्री-भूमिका करणारा पुरुष एवढीच त्यांची ओळख सामान्यतः सांगितली जाते. ही ओळख खरी असली तरी अपुरी आहे. साळुंके यांची कारकीर्द आरंभकाळातील चित्रपट-व्यवसायाची जडणघडण कशी होती हे दाखविते. याच दृष्टीने प्रस्तुत लेखात तिचा विचार केला आहे.

स्त्री-भूमिकेचा प्रश्न :
'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या गिरगाव भागातील कॉरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. दत्तात्रय दामोदर दाबके यांनी त्यात हरिश्चंद्राची भूमिका केली. तारामतीच्या भूमिकेसाठी फाळके यांनी बराच शोध घेतला, परंतु एकही स्त्री तयार झाली नाही. देहविक्रय करणाऱ्या स्त्रियांनीही हे काम नाकारले, असे सांगितले जाते. याच सुमारास युरोपात चित्र वेगळे होते. सारा बर्नहार्टसारखी रंगभूमीवरील ख्यातकीर्त अभिनेत्री १९१२ मध्ये मूकपटाची नायिका झाली होती. म्हणजेच अडचण नव्या तंत्राची नव्हती, ती येथील सामाजिक प्रतिष्ठेच्या कल्पनेची होती.

अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारे साळुंके फाळके यांच्या दृष्टीस पडले. त्यांची सडपातळ अंगकाठी व नाजूक हात फाळके यांना तारामतीसाठी योग्य वाटले. तेथे त्यांना दरमहा १० रुपये मिळत, तर फाळके यांनी १५ रुपये देऊ केले, अशी माहिती चित्रपटविषयक लेखनात आढळते. साळुंके नाटक मंडळीतून आले नव्हते, ते स्वयंपाकघरातून आले होते. बालगंधर्वांसारख्या नटामागे गायनाची तालीम व रसिकांचा लोकाश्रय होता. साळुंके यांच्यापाशी यांपैकी काहीही नव्हते.

पुरुषाने स्त्रीचे सोंग घेणे मराठी प्रेक्षकास मात्र अनोळखी नव्हते. तमाशातील नाच्या आणि संगीत नाटकातील स्त्रीपार्टी नट त्याच्या परिचयाचे होते. नांदेड-लातूर परिसरात सोंगी भारूड पाहिलेल्या वाचकास लुगडे नेसलेला पुरुष कलावंत आजही नवा वाटणार नाही. या संकेतामुळेच तारामती प्रेक्षकांनी सहज स्वीकारली. 'राजा हरिश्चंद्र'च्या उपलब्ध रिळांत राजवाड्यातील जलक्रीडेचे दृश्य असून त्यातील सर्व स्त्रिया वस्तुतः पुरुष आहेत. ही रिळे १९१३ ची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत.

'लंकादहन' आणि दुहेरी भूमिका :
१९१७ च्या 'लंकादहन'मध्ये साळुंके यांनी राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. भारतीय पडद्यावरील ही पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक पायांतील जोडे काढीत, अशी आठवण सांगितली जाते. ज्या नटापुढे प्रेक्षक रामासाठी नतमस्तक होत, त्याच नटाला ते सीता म्हणूनही पाहत. एकाच व्यक्तीस नायक व नायिका करणे ही निव्वळ चमत्कृती नव्हती. दोन्ही भूमिका पेलण्याइतका विश्वास साळुंके यांनी चार वर्षांत संपादन केला होता, हे त्यावरून दिसते.

कॅमेऱ्यामागे :
दरम्यान परिस्थिती बदलू लागली होती. १९१३ मध्येच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या. पुढे अन्य अभिनेत्रीही आल्या आणि स्त्रीपार्टी नटाची गरज कमी होत गेली. अशा वेळी साळुंके यांनी व्यवसाय सोडला नाही, त्यांनी काम बदलले. १९२२ चा 'सत्यनारायण' व १९२३ चा 'बुद्धदेव' यांसारख्या चित्रपटांचे छायाचित्रण त्यांनी केले.

हे स्थित्यंतर शक्य झाले, कारण फाळके यांचा उद्योग घरगुती कारखान्याच्या स्वरूपाचा होता. दादरच्या घरी सरस्वतीबाई फाळके मंडळींचा स्वयंपाक सांभाळीत आणि कच्च्या फिल्मला छिद्रे पाडण्याचे कामही करीत. नटांनी बाहेर 'आपण हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत' असे सांगावे, ही फाळके यांची सूचना प्रसिद्ध आहे. लोकनिंदा टाळण्यासाठी केलेली ही योजना एका अर्थाने वस्तुस्थितीच सांगत होती. कारखान्यात माणूस एका कामावरून दुसऱ्या कामावर जाऊ शकतो.

समारोप :
१९३२ मध्ये प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा'मध्ये हीच तारामती दुर्गा खोटे यांनी साकारली. सुशिक्षित, प्रतिष्ठित घरातील स्त्री त्या जागी येण्यास जवळजवळ दोन दशके लागली. पुढे १९३७ च्या 'साध्वी मीराबाई'मध्ये बालगंधर्वांनी स्त्री-भूमिका केली, परंतु रंगभूमीवरील यश त्यांना पडद्यावर लाभले नाही. जो संकेत साळुंके यांना १९१३ मध्ये उपयोगी पडला, तो एवढ्या अवधीत कालबाह्य झाला होता.

सारांश, साळुंके यांच्याकडे केवळ 'पहिली नायिका झालेला पुरुष' म्हणून पाहणे त्यांच्यावर अन्याय करणारे आहे. स्त्रियांना जी जागा समाजाने नाकारली ती त्यांनी भरून काढली, आणि ती स्त्रियांना मिळू लागल्यावर ते कॅमेऱ्यामागे गेले. चित्रपटाचा इतिहास निर्मात्यांच्या नावांनी लिहिला जातो, परंतु तो अशा श्रमणाऱ्या माणसांनी उभा केलेला असतो. वर्गात चित्रपटाचा इतिहास शिकविताना फाळके यांच्याबरोबर साळुंके यांचेही नाव घेतले जाणे म्हणूनच आवश्यक आहे.