अझोला : पाण्यावर तरंगणारा नेचा

नेचा म्हटला म्हणजे सह्याद्रीच्या ओलसर दरडीवर वाढणारी, पिसासारख्या पानांची वनस्पती डोळ्यांपुढे येते. तथापि नेच्यांच्या काही जाती मातीत मूळ न धरता संथ पाण्यावर तरंगत राहतात. अझोला ही त्यांपैकी एक होय. अहिल्यानगर (पूर्वीच्या अहमदनगर) जिल्ह्याच्या पश्चिमेस अकोले तालुक्यात भाताची खाचरे आहेत, तर पाथर्डी, कर्जत, जामखेड हे तालुके कमी पावसाचे आहेत. या दोन्ही भागांत ही वनस्पती सारखीच लाभदायक ठरणार नाही. ती कोठे वाढवावी व कोठे वाढवू नये, हे तिचा स्वभाव जाणून घेतल्यास सहज ठरविता येते.

वनस्पतीची ओळख

आपल्याकडे आढळणाऱ्या जातीचे शास्त्रीय नाव अझोला पिन्नाटा असे आहे. हिचे रोप त्रिकोणी आकाराचे व साधारणतः दीड ते अडीच सेंटीमीटर लांबीचे असते. बारीक पाने खवल्यांप्रमाणे एकमेकांवर बसलेली असतात व खालून मुळे पाण्यात लोंबतात. प्रत्येक पानाचे दोन भाग असतात. खालचा भाग पातळ व रंगहीन असून पाण्यास टेकलेला असतो. वरचा जाड व हिरवा असतो. या वरच्या भागातील पोकळीत अॅनाबीना नावाचे नील-हरित शेवाळ वस्ती करते. ते हवेतील नत्र स्थिर करून नेच्यास पुरविते व नेचा त्यास आसरा देतो. हरभरा, तूर यांच्या मुळांवरील गाठींत जे कार्य जिवाणू करतात, तेच येथे पानात घडते.

नेच्यास फुले व बिया नसतात. बीजाणूंपासून अझोलाची उत्पत्ती होऊ शकते; परंतु तिचा प्रसार मुख्यतः रोपांचे तुकडे पडून होतो. परिस्थिती अनुकूल असल्यास तीन ते पाच दिवसांत तिचे वजन दुप्पट होते.

कोठे वाढते?

अझोलास उथळ व संथ पाणी, २० ते ३० अंश सेल्सियस तापमान आणि पाण्यात पुरेसे स्फुरद लागते. पाणी आटताच ती मरते. तापमान ३५ अंशांवर गेल्यास वाढ खुंटते. जोराचा वारा व वाहते पाणी यांनी तिचा थर फुटून एका कडेस लोटला जातो. हिरवा रंग जाऊन लाली आली, तर कडक ऊन, थंडी किंवा स्फुरदाची उणीव यांपैकी काही तरी बाधत आहे असे समजावे.

भातखाचरात उपयोग

चीन व व्हिएतनाम या देशांत भातासाठी अझोलाचा उपयोग फार पूर्वीपासून होत आला आहे. कटक येथील केंद्रीय भात संशोधन संस्थेत १९७० च्या दशकात तिच्यावर प्रयोग झाले. अकोले तालुक्याच्या घाटाकडील भागात पावसाळ्यात खाचरांत पाणी साचते व हवा थंड राहते. ही परिस्थिती अझोलास मानवते.

लावणीनंतर सात ते दहा दिवसांनी एकरी २०० ते ४०० किलो ताजी अझोला खाचरात पसरावी. सुमारे तीन आठवड्यांत पृष्ठभाग झाकला जातो. एकरी ४ टन ताज्या अझोलात साधारणतः १० किलो नत्र असते. म्हणजे सुमारे २२ किलो युरियाइतके. परंतु रोपे जिवंत असेपर्यंत त्यांतील बहुतेक नत्र भातास मिळत नाही. याकरिता पाणी कमी करून थर चिखलात तुडविणे अगत्याचे आहे. तसेच उतारावरील खाचरांत बांधावरून पाणी वाहून जाऊ दिल्यास अझोलाही वाहून जाते; म्हणून सांडीच्या तोंडाशी काटक्यांची आडकाठी करावी.

जनावरांचे खाद्य

कोरडवाहू भागात प्लॅस्टिकचा कागद अंथरलेल्या खड्ड्यात अझोला वाढवितात. २ मीटर लांब, २ मीटर रुंद खड्ड्यात चाळलेली माती १० ते १५ किलो, शेण २ किलो व सुपर फॉस्फेट ३० ग्रॅम घालून दहा सेंटीमीटर पाणी ठेवावे, त्यावर सावली करावी व किलोभर अझोला सोडावी. दोन आठवड्यांनंतर रोज अर्ध्या किलोच्या आसपास अझोला निघते. ती स्वच्छ धुऊन, शेणाचा वास घालवून, खाद्यात मिसळावी.

तथापि अझोलात ९० टक्क्यांहून अधिक पाणीच असते. एक किलो ताज्या अझोलातून जेमतेम १२ ते १५ ग्रॅम प्रथिने मिळतात. तेवढी ३० ते ४० ग्रॅम भुईमुगाच्या पेंडीतही असतात. यास्तव अझोला हे पूरक खाद्य होय. तिच्या भरवशावर पेंड किंवा चारा बंद करणे म्हणजे दुभत्या जनावराची उपासमार करणे होय.

पाण्याचाही हिशेब करावा. उन्हाळ्यात वरील खड्ड्यातून दिवसास एक सेंटीमीटर पाणी उडून गेल्यास रोज ४० लिटर पाणी लागेल. इतक्या पाण्यात एका गाईची दिवसाची तहान बव्हंशी भागते. ज्या गावी पाणी टँकरने येते, तेथे उन्हाळ्यात खड्डा बंद ठेवणेच शहाणपणाचे आहे. पावसाळा सुरू झाल्यावर ताजे बियाणे आणून तो पुन्हा भरता येतो.

खबरदारी

गावतळे, पाझर तलाव किंवा मासे सोडलेले शेततळे यांत अझोला टाकू नये. दाट थरामुळे पाण्यात उजेड व हवा पोहोचत नाही आणि माशांस अपाय होतो. गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी बियाणे देण्यापूर्वी पाणी, सावली व जागा या तीन गोष्टी समक्ष पाहाव्यात. जेथे तिन्ही आहेत तेथेच अझोलाची शिफारस करावी.