राखणदाराविना तळघर

१९८४ साली एका जर्मन नियतकालिकात एका प्रश्नाची उत्तरं छापून आली. दहा हजार वर्षांनी जन्मणाऱ्या माणसाला ‘इथं अणुकचरा पुरलाय, खणू नकोस’ हे कसं सांगायचं? आपली भाषा तेव्हा उरलेली नसेल, लिपी कुणाला लागत नसेल. फ्रांस्वाज बास्तीद आणि पाओलो फाब्री यांनी सुचवलं, की किरणोत्सार जवळ येताच रंग बदलणारी मांजरं निपजवावीत आणि मांजर रंगलं की पळायचं, हे गाण्यागोष्टींतून पिढ्यान्‌पिढ्या सांगत राहावं. अमेरिकेतले चिन्हमीमांसक थॉमस सेबिओक यांनी अणुपुरोहितांची परंपरा सुचवली. खरं काय ते मोजक्यांनी जपावं, बाकीच्यांना दंतकथांनी आणि विधींनी दूर ठेवावं.

जादूच्या राज्यात शोभतील अशा या कल्पना विद्वानांनी पूर्ण गांभीर्यानं मांडल्या होत्या. त्यांच्या मुळाशी एक जुनीच समजूत आहे: तळघर म्हटलं की राखणदार हवा. पुरलेल्या धनावर वेटोळं घालून बसलेला नाग आपण लहानपणापासून ऐकत आलो. फिनलंडनं मात्र आपल्या अणुकचऱ्यासाठी राखणदार लागणारच नाही असं तळघर खोदलं. त्याचं नाव ओंकालो, म्हणजे पोकळी.

फिनलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर, एउरायोकी नगरपालिकेच्या हद्दीत ओल्किलुओतो हे बेट आहे. बेटावर अणुवीज केंद्र आणि त्याच्याजवळच ओंकालोचं तोंड. तिथून सुमारे पाच किलोमीटरचा उताराचा बोगदा वळणं घेत खाली जातो आणि जमिनीखाली चारशेहून अधिक मीटरवर पोहोचतो. भोवतीचा खडक जवळजवळ १९० कोटी वर्षांचा.

पूर्वी फिनलंडमधलं काही वापरलेलं अणुइंधन रशियाला पाठवलं जाई. १९९४ मध्ये कायदा बदलला आणि देशात निर्माण झालेल्या अणुकचऱ्याची विल्हेवाट देशातच लावणं बंधनकारक झालं. दिवा ज्यांनी लावला, काजळीही त्यांनीच पुसायची. पुढच्याच वर्षी वीज कंपन्यांनी या कामासाठी पोसिवा ही कंपनी काढली. जागेला नकार देण्याचा अधिकार स्थानिक नगरपालिकेला होता. एउरायोकीच्या सभागृहानं २००० साली २० विरुद्ध ७ मतांनी होकार दिला, २००१ मध्ये संसदेनं १५९ विरुद्ध ३ मतांनी संमती दिली आणि २००४ मध्ये खोदाई सुरू झाली. गावाला विचारून मग खडकाला हात लावला, हा क्रम मला त्या खोदाईइतकाच मोलाचा वाटतो.

आत ठेवायचं काय? युरेनियमच्या बोटाच्या पेरापेक्षाही लहान गोळ्या, धातूच्या लांब नळ्यांत भरलेल्या. अणुभट्टीतून बाहेर येतात तेव्हा त्यांच्याजवळ उघड्यानं उभं राहणं म्हणजे मृत्यू. म्हणून त्या आधी कित्येक दशकं पाण्याच्या कुंडात निवत राहतात. तरी त्यातल्या प्लुटोनियम-२३९ची निम्मी मात्रा ओसरायला सुमारे २४,१०० वर्षं लागतात. म्हणूनच ओंकालोचा हिशेब एक लाख वर्षांच्या पुढचा असतो.

हा हिशेब जादूवर नाही, तीन ओळखीच्या वस्तूंवर उभा आहे. पहिली वस्तू तांबं. इंधन बिडाच्या चौकटीत बसवतात आणि त्यावर पाच सेंटिमीटर जाडीच्या तांब्याचं पिंप चढवून झाकण सांधतात. दुसरी, बेंटोनाइट माती. तिच्यातलं फुगणारं खनिज आपल्या काळ्या कापसाच्या जमिनीतही असतं. उन्हाळ्यात भेगाळलेलं रान पहिल्या पावसानं कसं मिटतं, हे पाहिलेल्याला ओंकालोची युक्ती चटकन कळेल. पिंपाभोवती दाबून बसवलेली ही माती ओल लागली की फुगते, फटी बुजवते आणि पाण्याची वाट अडवते. तिसरी वस्तू खडक. वर हिमयुग येऊन बर्फाचा दोन-तीन किलोमीटरचा थर चढला, तरी खाली फारसा फरक पडू नये एवढी ती खोली.

तांबं एवढं टिकेल का? १६७६ मध्ये बाल्टिक समुद्रात बुडालेल्या ‘क्रोनान’ या स्वीडिश युद्धनौकेची कांस्याची तोफ तीन शतकांनी मातीतून वर काढली, तेव्हा ती फारच थोडी झिजली होती. तरीही वाद झाला. ही रचना मुळात स्वीडनची. प्राणवायू नसलेल्या पाण्यातही तांबं गंजतं, असा दावा स्टॉकहोमच्या काही संशोधकांनी केला. २०१८ मध्ये तिथल्या पर्यावरण न्यायालयानं तांब्याबद्दल आणखी पुरावे मागितले आणि २०२२ मध्ये सरकारनं स्वीडनच्या प्रकल्पाला परवानगी दिली. अशा शंका घेतल्या जाव्यात आणि त्यांची उत्तरं उघडपणे दिली जावीत, यातच अशा कामाची इभ्रत आहे.

ऑगस्ट २०२४ मध्ये ओंकालोत खऱ्या इंधनाविना रंगीत तालीम सुरू झाली. पिंप लिफ्टनं खाली न्यायचं, तळाशी खोदलेल्या उभ्या खड्ड्यात सोडायचं, भोवती माती भरायची आणि बोगदा बुजवत मागं यायचं. एकूण ६,५०० टन युरेनियम सामावेल एवढी जागा इथं आहे. पुढच्या शतकात, साधारण १०० वर्षांनी, सगळे बोगदे भरून तोंड कायमचं बंद करायचं आहे. त्यानंतरची सुरक्षितता कुणाच्या पहाऱ्यावर वा आठवणीवर अवलंबून राहता कामा नये, हे या कामाचं मूळ सूत्र.

भारताची वाट वेगळी आहे. वापरलेलं इंधन आपण कचरा मानत नाही. त्यातून प्लुटोनियम आणि युरेनियम वेगळं काढतो आणि उरलेला जहाल अंश काचेत मुरवतो. १९६९ पासून वीज देणाऱ्या तारापूरला ही काच पोलादी डब्यांत, हवेनं थंड होणाऱ्या भूमिगत कोठारात ठेवलेली असते. तिथं पहारा आहे आणि तो लागतोच. कायमची खोल जागा आपल्याकडे अजून नाही. पालघरच्या किनाऱ्यावरच्या विजेवर वाढलेल्या आपण हा प्रश्न आपलाच मानायला हवा.

गेल्या हिमयुगातल्या बर्फाचं ओझं उतरल्यापासून ओल्किलुओतोची जमीन अजून वर येते आहे, वर्षाला सुमारे सहा मिलिमीटर. समुद्र हळूहळू मागं हटेल आणि बेट मुख्य भूमीला जोडलं जाईल. फिनिश भाषेत ‘लुओतो’ म्हणजे लहान खडकाळ बेट. पाण्यापासून दूर, रानातल्या जागेला हे नाव का, असा प्रश्न तेव्हा एखाद्याला पडेल. कदाचित नावही उरलेलं नसेल. त्याला उत्तर मिळालं नाही तरी चालेल, एवढी तजवीज त्याच्या पायांखाली आधीच झालेली असेल.