बोरीची राख आणि हिमयुग

मढ परिसरातील शाळेत हिमयुग शिकवायचे म्हणजे अवघडच! माळशेजचे धुके मुलांच्या परिचयाचे, पण बर्फ पाहिलेला नाही. तरीही याच जुन्नर तालुक्यात, कुकडीकाठी बोरी येथे, नदीच्या गाळात पांढरट राखेचा एक थर आहे. आम्ही विषयाची सुरुवात तिथूनच करतो.

दख्खनचे लाव्हारस सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच थिजले. मग ही राख कुठली? तिचे रासायनिक घटक सुमात्रातील टोबा ज्वालामुखीच्या राखेशी जुळतात. टोबाचा सर्वांत मोठा उद्रेक सुमारे ७४,००० वर्षांपूर्वी झाला. बोरीची राख त्या उद्रेकाची की फार जुन्या एखाद्या उद्रेकाची, यावर बराच वाद झाला. तो क्षुल्लक नव्हे. राखेजवळच आदिमानवाची दगडी हत्यारे सापडली आहेत आणि त्यांचे वय या उत्तरानुसार लाखो वर्षांनी बदलते.

एका शिक्षकांनी आम्हाला विचारले, "या राखेने सूर्य झाकला, म्हणून हिमयुग आले का?" प्रश्न चांगला, पण उत्तर 'नाही'. उद्रेकातून निघालेले गंधकाचे धुरकट आवरण काही वर्षांत विरते. शिवाय शेवटच्या हिमयुगाचे बर्फ सुमारे १,१५,००० वर्षांपूर्वीच साचू लागले होते. कारण कार्याच्या मागून कसे येईल?

खरे कारण पृथ्वीच्या चालीत आहे. सर्बियाचे मिलुतिन मिलँकोविच यांनी त्याचे गणित मांडले. पृथ्वीच्या आसाचा कल ४१,००० वर्षांत साधारण २२.१ ते २४.५ अंशांदरम्यान हलतो, कक्षा सुमारे एक लाख वर्षांत कमीअधिक लंबवर्तुळाकार होते, आणि आस भोवऱ्यासारखा डुलतो. वर्षभराचे एकूण ऊन यामुळे फारसे बदलत नाही. ते ऋतूंत वेगळे वाटले जाते. कडक हिवाळा महत्त्वाचा नाही, उत्तरेचा सौम्य उन्हाळा महत्त्वाचा. गेल्या हिवाळ्यातील बर्फ न वितळता उरते, पांढरा पृष्ठभाग ऊन परतवतो, गारवा वाढतो. हवेतील कार्बन डायऑक्साइडही दशलक्षात २८० भागांवरून सुमारे १८० पर्यंत उतरला आणि थंडीत भर पडली. समुद्रतळाच्या गाळात हीच आवर्तने १९७६ साली स्पष्ट दिसली.

सुमारे २१,००० वर्षांपूर्वी हिमयुग ऐन भरात होते. सह्याद्रीवर तेव्हाही बर्फाचे थर नव्हते. पण समुद्र सुमारे १२० मीटर खाली होता आणि मान्सून दुबळा. क्षीण नद्यांना गाळ वाहून नेणे जमेना. पुढे, सुमारे ११,००० वर्षांपूर्वी, पृथ्वी जूनच्या सुमारास सूर्याच्या सर्वांत जवळ येत असे (आज जानेवारीत येते). उन्हाळे तापले, मान्सून बळावला, आणि नद्यांनी स्वतःच साठवलेला गाळ कापून काढला. कुकडीच्या खोऱ्यातील उंच दरडींसमोर मुलांना उभे करा आणि थर मोजायला सांगा. हत्यारे मात्र जागेवरच राहू द्यावीत.