फेअरी क्रीक: जंगल सरकारचं, मनाईहुकूम कंपनीचा

व्हँकुव्हर बेट, कॅनडा: ब्रिटिश कोलंबिया प्रांतातली नव्वद टक्क्यांहून अधिक जमीन सरकारी मालकीची आहे. तरीही इथल्या प्राचीन जंगलासाठी वाट अडवणाऱ्यांवर बहुतेक वेळा खटला चालतो तो न्यायालयाच्या अवमानाचा. कारण तोडीचे दीर्घ मुदतीचे परवाने कंपन्यांकडे असतात. रस्ता अडला की कंपनी न्यायालयातून मनाईहुकूम आणते आणि पोलीस तो बजावतात. झाड तोडावं का, हा प्रश्न न्यायाधीशांपुढे येतच नाही.

फेअरी क्रीकला हेच घडलं. पोर्ट रेनफ्र्यू गावाजवळच्या या खोऱ्याकडे टील-जोन्स कंपनीचा रस्ता सरकू लागला, तेव्हा ऑगस्ट २०२० मध्ये लोक आडवे आले. एप्रिल २०२१ मध्ये मनाईहुकूम निघाला, मे महिन्यात धरपकड सुरू झाली. कोणी जमिनीत पुरलेल्या नळीत हात अडकवून पडून राहिलं, कोणी लाकडी तिकाटण्यावर चढून बसलं. अकराशेहून अधिक वेळा अटक झाली. १९९३ मध्ये याच बेटावरच्या क्लॅक्वॉट साउंडला अशाच आंदोलनात साडेआठशेहून अधिक लोक पकडले गेले होते. तो विक्रमही मोडला.

किनारपट्टीवर अडीचशे वर्षांपुढच्या जंगलाला इथे प्राचीन म्हणतात. बेटावरचे काही सीडर वृक्ष तर ज्ञानेश्वरी सांगितली गेली तेव्हाही उभे होते. त्यांच्या जागी लावलेली रोपं शतक भरण्याआधीच पुन्हा तोडीला येतात. म्हणजे असं जंगल एकदा गेलं की गेलंच.

पण हा ‘कंपनी विरुद्ध पर्यावरणवादी’ असा सरळ सामना नाही. ही भूमी पॅचिडाट या आदिवासी राष्ट्राची. लाकडाच्या उत्पन्नात त्यांचाही वाटा आहे, स्वतःची गिरणी आहे. त्यांच्या प्रमुखांनी आंदोलकांना निघून जायला सांगितलं, तर त्यांच्यातल्याच बिल जोन्स या ज्येष्ठांनी आंदोलकांचं स्वागत केलं. शेवटी जून २०२१ मध्ये पॅचिडाटसह तीन राष्ट्रांनीच तोड तूर्त थांबवण्याची मागणी केली आणि सरकारला ती मानावी लागली.

न्यायालय दुसऱ्या बाजूनेही उभं राहू शकतं. क्लॅक्वॉट साउंडमधल्याच मिअर्स बेटावर १९८५ मध्ये मनाईहुकूम निघाला तो तोडीविरुद्ध, कारण जमिनीवरचा दावा घेऊन तिथले आदिवासी स्वतः न्यायालयात गेले होते.

फेअरी क्रीकला मिळालेली स्थगिती मात्र मुदतीची आहे. २०२५ मध्ये ती सप्टेंबर २०२६ पर्यंत वाढवली गेली. कायमचं संरक्षण देण्याचा अधिकार प्रांत सरकारकडे आहे. पॅचिडाट लोकांचं बुडणारं उत्पन्न भरून देऊन सरकारने तो वापरायला हवा.