विद्याधरांची विद्या आणि गुणाढ्याची जळालेली पोथी

मित्रहो, आजचा विषय जादूच्या विद्यालयाचा आहे. अवसरी खुर्दमध्ये हा विषय कशाला, असं काहींना वाटेल. इथे २००९ पासून शासनाचं अभियांत्रिकी महाविद्यालय आहे, तिथे मंत्रतंत्राला जागा नाही आणि नसावीच. पण समोर बसलेल्या मुलांपैकी बऱ्याच जणांनी हॅरी पॉटर वाचलाय, निदान पडद्यावर तरी पाहिलाय. त्या शाळेच्या ग्रंथालयात एक विभाग असा आहे, की तिथे परवानगीशिवाय पाऊल टाकता येत नाही. जादूच्या विद्यालयाची कल्पना केली की अशी एक बंद खोली तिच्यात येतेच. का येते? ज्ञानाला दार असावं का, आणि असलंच तर दारावर कोणी बसायचं? हा तत्त्वज्ञानातला जुना प्रश्न आहे, आणि आपल्याकडच्या एका कथेत तो फार सुंदर आलेला आहे.

शेजारच्या जुन्नर तालुक्यातला नाणेघाट तुम्ही पाहिला असेल. तिथल्या लेण्यात सातवाहनांचा मोठा लेख आहे. राणी नागनिकेचं नाव त्याच्याशी जोडलं जातं. लिपी ब्राह्मी, भाषा प्राकृत. याच सातवाहनांची राजधानी प्रतिष्ठान, म्हणजे आजचं पैठण. आणि आपली कथा घडते ती सातवाहन नावाच्या राजाच्या दरबारात. ती सांगितली आहे काश्मीरच्या सोमदेवाने, अकराव्या शतकात, कथासरित्सागरात. इतिहास वेगळा आणि कथा वेगळी, हे मात्र लक्षात ठेवायचं.

कथेची सुरुवातच बंद दाराने होते. पार्वती शंकराला म्हणते, कोणी ऐकली नाही अशी गोष्ट सांगा. नंदी दारावर बसतो, आणि शंकर सात विद्याधरांची कथा सांगतात. विद्याधर म्हणजे विद्या धारण करणारे. त्यांच्या जगात विद्या ही शक्ती असते. एका विद्येने आकाशात उडता येतं. प्रज्ञप्ती नावाची दुसरी एक विद्या, तिने दूरचं कळतं. म्हणजे शिकणं हीच तिथली जादू. आता पुष्पदंत नावाचा गण योगबळाने अदृश्य होऊन आत शिरतो, गोष्ट ऐकतो आणि घरी जाऊन बायकोला, जयेला, सांगतो. जया तीच गोष्ट पार्वतीसमोर म्हणते. मग पार्वती रागावणार नाही तर काय! कोणी न ऐकलेली म्हणून सांगितलेली गोष्ट दासीलाही पाठ.

शाप मिळतो. पुष्पदंताची बाजू घेणाऱ्या माल्यवानालाही मिळतो. पण शापातून सुटका कशी होणार, ते पाहा. पुष्पदंताने ती गोष्ट काणभूती नावाच्या पिशाचाला सांगायची, आणि माल्यवानाने ती त्याच्याकडून ऐकून जगात पसरवायची. चोरून ऐकलेलं परत करा, विसरून जा, असं कोणी म्हणत नाही. चोरीची भरपाई म्हणून ते सगळ्यांना वाटायचं! मला या कथेतलं हे सगळ्यात खोल वाटतं.

हाच माल्यवान पुढे गुणाढ्य म्हणून जन्मतो आणि सातवाहनाचा मंत्री होतो. एकदा जलक्रीडेत राणी राजाला म्हणते, ‘मोदकैः’. म्हणजे ‘मा उदकैः’, पाण्याने मारू नका. राजाला संधी कळत नाही, तो लाडू मागवतो. राणी हसते. राजा लाजेने अंथरूण धरतो. गुणाढ्य म्हणतो, व्याकरणाला बारा वर्षं लागतात, मी सहा वर्षांत शिकवतो. शर्ववर्मा म्हणतो, मी सहा महिन्यांत. गुणाढ्य पैज लावतो: तसं झालं तर संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा तिन्ही सोडीन.

शर्ववर्मा जिंकतो. कार्तिकेय त्याला व्याकरण देतो. पण देव सूत्र सांगत असताना हा घाईने पुढचं सूत्र स्वतःच म्हणून टाकतो. देव म्हणतो, गप्प राहिला असतास तर हे पाणिनीच्याही पुढे गेलं असतं, आता ते छोटंच राहील. म्हणून त्याचं नाव कातंत्र. हे व्याकरण खरंच आहे, आणि ते तिबेटपर्यंत पोचलं. तेव्हा सोपं करणाऱ्याला हसू नका. घाईची किंमत मात्र कथेने नोंदवून ठेवली आहे.

इकडे गुणाढ्य विंध्याच्या रानात जातो. उरलेली भाषा एकच, पिशाचांची पैशाची. काणभूतीकडून ऐकलेली कथा तो तिच्यात लिहितो. शाई नाही, म्हणून रक्ताने. सात वर्षं, सात लक्ष श्लोक. ग्रंथ दरबारात जातो आणि राजा तो न वाचताच परत पाठवतो. भाषा पिशाचांची, लिहिलंय रक्ताने, म्हणून नको. मजकुराबद्दल एक शब्द नाही.

गुणाढ्य अग्निकुंड पेटवतो. एकेक पान वाचतो आणि आगीत टाकतो. रानातली जनावरं चरणं सोडून भोवती उभी राहतात, रडत ऐकतात. त्यांचं मांस सुकतं. ते खाऊन राजा आजारी पडतो, आणि तेव्हा कुठे चौकशी होते. राजा धावत येतो तोवर सहा लक्ष श्लोक जळालेले असतात. उरतं एक लक्ष, नरवाहनदत्ताची कथा.

गंमत अशी, की इतिहासातले सातवाहन आपले लेख प्राकृतात कोरत होते. हाल सातवाहनाची गाथासप्तशती महाराष्ट्री प्राकृतात आहे. कथेतल्या राजाला मात्र हलक्या भाषेची शिसारी. आणि मूळ बृहत्कथा आज उपलब्ध नाही. जे हाती आहे ते पुढच्यांनी आपापल्या परीने सांगितलेलं.

आता इथलं बोलू. मराठी माध्यमातून आलेला मुलगा पहिल्या वर्षी इंग्रजी पुस्तकासमोर बसतो. त्याला गणित येतं, यंत्र कळतं, वाक्य अडतं. आणि हळूहळू त्याला वाटायला लागतं, आपल्याला विषयच येत नाही. २०२१ मध्ये अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेने मराठीसह काही भारतीय भाषांतून अभियांत्रिकी शिकवायची वाट मोकळी केली, हे चांगलं झालं. पण परवानगी म्हणजे पुस्तक नव्हे. पुस्तक कोणीतरी लिहावं लागतं. इंग्रजी शिकूच नका, असं मी म्हणत नाही. गुणाढ्याने रागाने तीन भाषा सोडल्या, त्यात त्याचंही नुकसान झालं.

एक काम सांगतो. या आठवड्यात कळलेला एक धडा घरी मराठीत समजावून सांगा. आजीला सांगा, शेतावर वडिलांना सांगा. कुठे अडलात, ते लिहून ठेवा. पुष्कळदा तिथे भाषा अडलेली नसते, आपलं समजणंच अपुरं असतं, आणि ते सांगताना लक्षात येतं. अडलेलं सुटलं की लिहून काढा आणि पुढच्या वर्षीच्या मुलांच्या हाती द्या. ज्ञान पसरवल्याशिवाय माल्यवानाचीही सुटका नव्हती.

इथे थांबतो. आता तुमचे प्रश्न घेऊ.